उणिवेसकट फोन

कान्हे स्टेशनाकडून इंद्रायणीवरचा पूल ओलांडला की टाकवे बुद्रुक लागतं आणि तिथून आंदर मावळ सुरू होतो. वडेश्वर, खांडीकडची माणसं बाजाराला इथंच येतात. आसपासच्या कारखान्यांतले कामगारही इथंच राहतात. माझ्या भावाचं मोबाईल दुरुस्तीचं दुकान याच गावात आहे. भातलावणीच्या दिवसांत त्याच्याकडे सगळ्यात जास्त येतात ते चिखलात पडलेले फोन. माझी मुलगी हिंजवडीला ॲप तपासण्याचं काम करते, म्हणजे जे फोन तो उघडतो, त्यांच्यावर चालणारे प्रोग्रॅम ती चालवून बघते.

गेल्या पावसाळ्यात ती लॅपटॉप घेऊन त्याच्या दुकानात बसली होती. माझ्या आईचा जुना कीपॅडचा फोन कायमचा बंद पडला होता. तिनं त्याची नक्कल कॉम्प्युटरवर उतरवली होती आणि ती मामाला दाखवायला आणली होती. मामा-भाचीचं त्या दुपारी जे बोलणं झालं, ते मी शेजारी बसून ऐकलं. तेच इथं मांडते आहे.

भाची: मामा, हा बघा आजीचा फोन. तेच राखाडी अंग, तीच हिरवी पाटी. माऊसनं बटण दाबा, आवाजही तोच येतो.

मामा: दिसतोय खरा. पण हा फोन नाही ग, फोनचं चित्र आहे.

भाची: चित्र हलत नाही, हे हलतंय. मेनू उघडतो, नावं सापडतात, मेसेज वाचता येतो. यात दोन प्रकार असतात. एक सिम्युलेटर. तो बहुरूप्यासारखा. अंगावर फौजदाराचा वेष असतो, पण हाती अधिकार नसतो. आजीचा हा फोन तसाच आहे, मी बाहेरून बघून बनवलेला. दुसरा इम्युलेटर. तो दुभाष्यासारखा. जुन्या फोनसाठी लिहिलेला प्रोग्रॅम एक अक्षरही न बदलता त्याच्यापुढं ठेवायचा. तो एकेक आज्ञा वाचतो आणि आजच्या यंत्राला कळेल अशी करून सांगतो. प्रोग्रॅमला वाटतं, आपण अजून त्या जुन्या फोनमध्येच आहोत.

मामा: म्हणजे आपण मेमरी कार्डात गाणी आणि गेम भरून द्यायचो, त्यातले गेम यात चालतील?

भाची: चालतात. ते जावाचे गेम होते, जार फाइलीतले. छोट्या फोनांसाठी जावाचा तो नमुना २००० साली ठरला. आता जेटूएमई लोडर नावाचं मोफत ॲप आहे. ते आजच्या अँड्रॉइडवर त्या फाइली चालवतं. पडद्याचा आकार सांगायचा, खाली बटणं काढून मिळतात. तुमच्या या डब्यात किती जुनी मेमरी कार्डं पडलीत? त्यांच्यावर असे प्रोग्रॅम असतील, जे आता दुसरीकडं कुठंच नसतील.

मामानं डबा पुढं ओढला. मेमरी कार्डं एका कप्प्यात होती. बाकी डब्यात मिटलेले, उघडलेले, बिजागरीत तुटलेले फोन. त्यातला एक त्यानं उचलला आणि अंगठ्यानं उघडला. टक्‌ असा आवाज झाला.

मामा: हा आवाज दे मला तुझ्या कॉम्प्युटरातून. स्पीकरमधून वाजवलेला नको, बोटाला लागणारा दे. याला आमच्याकडं ‘फोल्डिंगचा मोबाईल’ म्हणायचे. बोलणं झालं की मिटायचा, मिटला की फोन कट. माणसाला कळायचं, आता संपलं.

भाची: आजही फोल्डिंगच म्हणतात, मामा. १९९६ साली मोटोरोलाचा स्टारटॅक आला, दोन पाकळ्या मिटणारा. २००४ साली त्यांचाच बारीक रेझर आला. त्या फोनांत पडदा एका पाकळीत आणि बटणं दुसरीत. आता पडदाच मिटतो. २०१९ साली मोटोरोलानं रेझर हेच नाव पुन्हा घेऊन मिटणाऱ्या पडद्याचा फोन जाहीर केला, आणि त्यात एक गंमत ठेवली. एक खूण दाबली की खालच्या अर्ध्या काचेवर जुन्या रेझरची बटणं उमटतात आणि वरच्या अर्ध्यात त्याचा छोटा पडदा. नव्या फोनमध्ये जुन्या फोनची नक्कल.

मामा: काचेवर उमटलेली बटणं! पाचच्या बटणावर एक टिंब असतं, माहीत आहे ना? वरती आलेलं. बोटाला ते लागलं की आजूबाजूची बाकीची आठही बटणं न बघता सापडतात. इथं डोळ्यांनी अधू अशी एक मावशी येते. तिचा सगळा फोन त्या टिंबावर चालतो. दोनचं बटण दाबून धरलं की लेकीला फोन लागतो. तिला काचेवरचं पाच दाखव बरं.

भाची: नाही दाखवता येणार, ते मान्य आहे. पण मग मी विचारते, तुमच्या डब्यातल्या या फोनांचं काय होणार? बॅटऱ्या फुगतात. बटणांखालचं रबर चिकट होतं. चिपमध्ये साठवलेलंही कायम टिकत नाही. आणि फोन धडधाकट असला तरी नेटवर्क बंद झालं की संपलं. २००२ च्या डिसेंबरात रिलायन्सचे सीडीएमए फोन आले, पुढच्या वर्षी गावोगाव हातोहात गेले. आज ते नेटवर्कच नाही. फोन चांगला, पण मुका. तुम्ही कितीही चांगले कारागीर असलात तरी त्याला बोलता करू शकत नाही.

मामा: (थोडं थांबून) ते खरं आहे. तसले दोन आहेत माझ्याकडं. लावले की उजळतात आणि रेंज शोधत बसतात.

भाची: म्हणून म्हणते, डब्यात ठेवणं म्हणजे जपणं नाही, फक्त मरण लांबवणं आहे. प्रोग्रॅम उतरवून घेतला तर तो उद्या कुणाच्याही कॉम्प्युटरवर चालेल. मेम नावाचा एक प्रकल्प आहे, जुन्या व्हिडिओ गेमच्या यंत्रांची नक्कल करणारा. त्या लोकांनी नोकिया ३३१० सारखे फोनही हाती घेतले. पडदा केवढा, तर ८४ ठिपके आडवे, ४८ उभे. तेवढ्यात गेममधला तो साप फिरायचा.

इथवर मला मुलीचंच पटत होतं. तिचं पुढचं म्हणणं तर मला फार मोलाचं वाटलं. कारण त्यात नुसती आठवणीची गोष्ट नव्हती, न्यायाची होती.

भाची: आणि मामा, नव्या मिटत्या फोनांचं बघा. २०२० साली सॅमसंगचा झेड फ्लिप आपल्याकडं आला तो १,०९,९९९ रुपयांना. रेझर १,२४,९९९ ला. टाकव्यातल्या एखाद्या पोरानं अशा फोनसाठी ॲप लिहायचं ठरवलं तर तो लाखाचा फोन कुठून आणणार? ॲप बनवायच्या अँड्रॉइड स्टुडिओत मिटत्या फोनाचा इम्युलेटर फुकट मिळतो. ही पट्टी सरकवली की बिजागरीचा कोन बदलतो, १८० अंशांपासून शून्यापर्यंत. अँड्रॉइड ११ पासून फोनमध्ये कोन मोजायची सोय आहे, त्याचीच ही नक्कल. फोन सपाट आहे का अर्धा उघडा, हे ॲपला कळतं. अर्धा उघडून टेबलावर ठेवला तर व्हिडिओ वरच्या अर्ध्यात गेला पाहिजे आणि बटणं खालच्या. हे सगळं मी फोन हातात न धरता तपासते. रेंज कमी करता येते, बॅटरी उतरवता येते, खोटा कॉल आणता येतो. ज्याच्याकडं पैसे नाहीत त्याला हा दरवाजा उघडा आहे.

मामा: दरवाजा उघडा आहे हे चांगलंच. पण मला एक सांग, अर्धा उघडा फोन म्हणजे तुझ्याकडं सोय?

भाची: हो. तिला पोश्चर म्हणतात, बसायची पद्धत.

मामा: आमच्याकडं अर्धा उघडा फोन म्हणजे तुटलेली पट्टी. दोन पाकळ्यांमधून एक पातळ पट्टी जाते, तिच्यातून पडद्याची सगळी तार. रोज उघडमीट करून ती बिजागरीत चिरते. मग फोन पुरता उघडला की पडदा पांढरा, थोडा मिटला की पुन्हा दिसायला लागतो. लोक तसाच अर्धवट धरून बोलायचे. पुण्यातल्या तपकीर गल्लीतून नवी पट्टी येईपर्यंत चार-चार दिवस. आणि दुसरं सांगतो. फोनला आपण मिटलोय हे कसं कळतं? झाकणात बारकं लोहचुंबक असतं. बॉडी बदलताना ते पडलं आणि कारागिराच्या लक्षात नाही आलं, तर फोन मिटला तरी त्याला वाटतं आपण उघडेच आहोत. फोन कट होत नाही. माणूस म्हणतो फोन बिघडला. गेलेला असतो तांदळाएवढा चुंबक. तुझ्या पट्टीत हे आहे?

भाची: नाही. माझ्या पट्टीत कोन नेहमी खरा असतो.

मामा: तेच म्हणतोय. तुझा फोन कधी चुकत नाही.

मामा हे सहज बोलला. पण त्या दुपारचं सगळं बोलणं या वाक्यावर वळलं. मुलीनं जरा नाराजीनंच लॅपटॉप त्याच्याकडं फिरवला आणि आजीच्या फोनमधला मेसेज उघडला. मी पुण्याहून लोकलनं यायचे तेव्हा आईला पाठवायचे तसला, मला विचारून तिनं तो घातला होता. छोट्या हिरव्या पाटीवर स्वच्छ देवनागरीत अक्षरं उमटली: कान्ह्याला उतरले.

मामा: हे खोटं आहे.

भाची: खोटं कसं? आईनंच सांगितलं मला, असं लिहायची म्हणून.

मामा: ती लिहायची. आईला हे कधी दिसलंच नाही. तिच्या फोनात मराठी नव्हती. तिला दिसायचे डबे. नुसते चौकोन, रांगेनं. फोन घेऊन माझ्याकडं यायची आणि म्हणायची, ‘बघ रं, डबे आलेत, ताईचे असतील.’ तिला मराठी वाचता यायची, एबीसीडी यायची नाही. म्हणजे ताईनं इंग्रजी अक्षरांत लिहिलं तर आईला वाचता येणार नाही, मराठीत लिहिलं तर फोनला दाखवता येणार नाही. आणि तुझ्या या फोनात बघ, काना, मात्रा, जोडाक्षर, सगळं जागच्या जागी.

मुलगी बराच वेळ पडद्याकडं बघत राहिली. मग तिनं जे सांगितलं, ते तिच्या कामातलं असल्यामुळं तिला आमच्यापेक्षा लवकर कळलं होतं.

भाची: अक्षरं माझी नाहीत, मामा. ही नक्कल ज्या ब्राउझरमध्ये चालते, त्याची आहेत. मी नक्कल केली ती अंगाची आणि मेनूची. मजकूर काढायचं काम मी लॅपटॉपवर सोडलं, आणि लॅपटॉपकडं आजचा फाँट आहे. जावाच्या इम्युलेटरांचंही असंच होतं. प्रोग्रॅम जुना, पण अक्षरं बहुतेक वेळा नव्या यंत्राच्या फाँटातून येतात. म्हणून जिथं तेव्हा डबे दिसले असते तिथं आज मराठी दिसते. नक्कल अस्सलपेक्षा सुधारून बसते.

मामा: आणि सुधारलेलं पोरांना खरं वाटणार. म्हणणार, २००५ साली आजी फोनवर मराठी वाचत होती.

भाची: हो. हे मला सुचलं नव्हतं. आणि नीट बघितलं तर गोष्ट फाँटापुरती नाही. एका एसएमएसमध्ये १४० बाइट मावतात. इंग्रजी अक्षरं सात बिटांची, म्हणून ती १६० बसतात. देवनागरीला प्रत्येक खुणेला सोळा बिट लागतात, म्हणून फक्त ७०. आणि आपण ज्याला एक अक्षर म्हणतो ते फोनला एक नसतं. ‘कान्ह्याला’ या एका शब्दात दहा खुणा आहेत: क, काना, न, हलंत, ह, हलंत, य, काना, ल, काना. म्हणजे मराठीत लिहिणाऱ्याला जागा निम्म्याहून कमी, आणि समोरच्याच्या फोनात दिसेल याची खात्री नाही. म्हणून सगळे ‘utarle’ असं इंग्रजी अक्षरांत लिहायला लागले. ती सवय अजून सुटली नाही.

मामा: आपल्या मावळातल्या दऱ्या पण लिहिता येत नव्हत्या. मराठीचे फोन आले तेव्हासुद्धा मला आठवतं, दऱ्या लिहायला गेलं की र वर उडी मारायचा. दर्या व्हायचा. समुद्र!

भाची: त्या ‘ऱ्य’ला वेगळी खूण लागते, हिंदीत ती लागत नाही, म्हणून पुष्कळ फोनांत ती धड नव्हती. आणि ‘ॲप’ या शब्दातलं पहिलं अक्षर, अ वर चंद्र असलेलं, ते युनिकोडमध्ये आलंच २००८ साली. त्याआधीच्या फोनला ते अक्षर माहीत असणं शक्यच नाही. माझ्या कामाचं नाव सुद्धा त्या फोनला धड लिहिता आलं नसतं. पुढं जिओफोन आला २०१७ साली, फायरफॉक्स ओएसच्या पोटातून निघालेल्या कायओएसवर चालणारा. तो कीपॅडचाच, पण देशातल्या बावीस भाषांसाठी बनवलेला. मधला जो काळ आहे, डब्यांपासून जिओफोनपर्यंतचा, तो माझ्या नकलेत पुसला गेलाय.

मला वाटतं, या वादाचं खरं मर्म इथं आहे. जुन्या फोनची नक्कल करणारी माणसं जगभर प्रेमानं काम करतात, आणि त्यांच्यामुळंच कित्येक प्रोग्रॅम वाचले. पण ज्यांची भाषा पहिल्या दिवसापासून फोनमध्ये होती, त्यांना फोन उतरवला की अनुभवही उतरवता येतो. आमचं तसं नव्हतं. आमच्या भाषेचा फोनवरचा पहिला काळ उणिवेतच गेला. ती उणीव नकलेत नसेल, तर ती नक्कल आमच्या फोनची नाही. कुणाच्या तरी सुखी फोनची आहे. काय काय दिसत नव्हतं, काय मावत नव्हतं, कुठं र उडी मारत होता, हे सगळं दोष म्हणून दुरुस्त करून टाकलं, तर मराठी माणूस इंग्रजी अक्षरांत मराठी का लिहायला लागला, याचं कारणच हरवेल. पुढची पिढी म्हणेल, यांना आपल्या लिपीची हौस नव्हती.

माझा भाऊ मात्र एवढ्यावर थांबायला तयार नव्हता.

मामा: समजा तू डबे दाखवलेस. पंधरा चौकोन काढलेस. तरी फोन पुरा होत नाही. कारण डबे आले म्हणून आईनं फोन टाकून दिला नाही. तिनं दुसरी भाषा काढली. मिस कॉलची. एक रिंग म्हणजे हे, दोन म्हणजे ते. ती तुझ्या चिपमध्ये नाही, प्रोग्रॅममध्ये नाही. ती कुठून उतरवणार?

भाची: फोनमधून नाहीच उतरवता येणार. माणसांकडून लिहून घ्यावी लागेल.

मामा: मग ते नक्कल करण्यात मोडतं का?

भाची: इतके दिवस मोडत नव्हतं. मला वाटतं मोडायला हवं. मामा, मी तुमचं एक मान्य करते. मी आतापर्यंत यंत्र जसं असायला हवं होतं तसं उतरवत होते. पण तुमचंही एक मला मान्य नाही. तुम्ही म्हणता बोटाला लागत नाही म्हणून हा फोन नाही. पट्टी चिरली की पडदा कुठल्या कोनात पांढरा होतो, चुंबक पडला की काय होतं, हे तुम्ही मला सांगितलंत तर मी ते यात घालू शकते. दोषसुद्धा लिहिता येतात. फक्त ते कुणाला तरी माहीत असायला लागतात, आणि ते तुम्हाला माहीत आहेत. दुकान बंद करून तुम्ही घरी बसलात की ते कुणालाच माहीत नसणार.

मामा: तू लिहिशील. पण मावशीचं ते पाचवरचं टिंब नाही लिहिता येणार.

भाची: नाही. मग तिथं मी तसं लिहून ठेवीन, की इथं बोटाला एक टिंब लागायचं, आणि या टिंबावर एक बाई सगळा फोन चालवायची. जे उतरवता आलं नाही त्याची नोंद नकलेतच ठेवायची. नाही तर बघणाऱ्याला वाटेल, एवढंच होतं.

यावर मामा काही बोलला नाही. त्याचं मत बदललं असं मी म्हणणार नाही. फोन हातात धरायचा असतो हे तो आजही म्हणतो, आणि डब्यातला एकही फोन त्यानं भंगारात दिलेला नाही. पण त्यानं मेमरी कार्डांचा कप्पा रिकामा करून मुलीपुढं ठेवला.

मुलीनं लॅपटॉपवर काहीतरी बदल केला. आजीच्या फोनला आता देवनागरीचा फाँट सापडत नव्हता. हिरव्या पाटीवर दहा चौकोन आले, मग एक मोकळी जागा, मग पाच चौकोन. कान्ह्याला उतरले.

“हां,” मामा म्हणाला. “आता आईचा वाटतोय.”

मग मुलीनं खाली एक कोरी फाइल उघडली आणि आम्हा दोघांना विचारलं, “आता रिंगा सांगा. एक म्हणजे?”

“गाडीत बसले,” आम्ही दोघं एकदमच बोललो.

“आणि दोन?”

“उतरले, न्यायला ये,” मी म्हणाले.

“उतरले, जीप मिळाली, येऊ नको,” माझा भाऊ म्हणाला.

आम्ही एकमेकांकडं बघितलं. एकदा पावसाळ्यात मी दोन रिंगा देऊन कान्हे फाट्यावर तासभर उभी होते, अंधार पडेपर्यंत. त्या दिवशी हा का आला नाही, हे मी त्याला कधी विचारलं नव्हतं. आईला विचारायची सोय आता उरली नाही, आणि तिच्या फोनात या रिंगांचा मागमूस नाही.

मुलीनं दोन्ही अर्थ लिहून घेतले, एकाखाली एक, आणि कुणी कुठला सांगितला तेही.